‘बेलडोंगराइट’ : अर्थ, लेखन आणि वापर

प्रश्न

माझे आजोबा रामटेककडच्या एका मँगनीज खदानीत हिशेबनीस होते. त्यांची जुनी ट्रंक आवरताना एका पत्र्याच्या डबीत, पिवळ्या पडलेल्या कापसावर ठेवलेला लिंबाएवढा काळा दगड मिळाला. डबीच्या झाकणाला आतून चिकटवलेल्या चिठ्ठीवर निळ्या शाईने रोमन लिपीत एकच शब्द लिहिलेला आहे. मी तो ‘बेल्डोंग्राइट’ असा वाचला. आमच्या वस्तीतील शाळेला हा दगड द्यावा आणि सोबत मराठी चिठ्ठी लावावी, असा विचार आहे. घरातील कोणत्याही शब्दकोशात हा शब्द नाही आणि एका खनिजसूचीतही मला तो आढळला नाही. चिठ्ठीवर ‘नागपूर जिल्ह्यात सापडणारे दुर्मिळ खनिज’ असे लिहिले, तर ते बरोबर ठरेल काय? तसेच हा शब्द देवनागरीत नेमका कसा लिहावा, आणि त्याला ‘तो’ म्हणावे की ‘ते’?

प्रतिसाद

ताई, शब्दाचा पूर्वार्ध तुमच्या आजोबांच्याच मुलखातला आहे. बेलडोंगरी हे नागपूर जिल्ह्यातील मँगनीज खदानीचे गाव असून, त्या नावाला खनिजनामांचा ‘आइट’ हा प्रत्यय जोडून हा शब्द तयार झाला. हा प्रत्यय मूळ ग्रीक भाषेतला. ‘अमुक ठिकाणचा’ किंवा ‘अमुक गुणाचा दगड’ एवढाच त्याचा आशय. म्हणजे आपल्याकडे ‘पैठणी’ किंवा ‘कोल्हापुरी’ म्हटले की गावापुढचा प्रत्यय जे काम करतो, तेच काम येथे ‘आइट’ करतो.

नाव ठेवणारे ल्युइस ली फर्मोर हे भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणातील अधिकारी होते. त्या काळच्या मध्यप्रांतातील आणि देशातील इतर ठिकाणच्या मँगनीज साठ्यांचा त्यांनी वर्षानुवर्षे अभ्यास केला आणि १९०९ मध्ये त्यावर प्रचंड मोठा अहवाल प्रसिद्ध केला. ‘बेलडोंगराइट’ हे नाव त्यातले आहे. स्पेसार्टीन नावाचा मँगनीजयुक्त गार्नेट (म्हणजे तामडा) कुजून, म्हणजे हवापाण्याने रासायनिक बदल होऊन, जो काळा, डांबरासारखा चमकणारा पदार्थ बेलडोंगरीत मिळाला, त्याला त्यांनी हे नाव दिले. स्पेसार्टीन हेदेखील जर्मनीतील स्पेसार्ट या डोंगराळ प्रदेशावरून पडलेले नाव आहे, त्यामुळे एका परक्या डोंगराचा दगड कुजून आपल्या डोंगरीचा दगड झाला, असे गमतीने म्हणता येईल.

फर्मोर यांनी या भागात पुष्कळ बारशी केली. नागपूर जिल्ह्यातल्याच काचुरवाहीचे ‘ब्लॅनफर्डाइट’ आणि ‘जुडाइट’, बेलडोंगरीचेच ‘व्रेडेनबर्गाइट’, छिंदवाडा जिल्ह्यातील सीतापार गावावरून ‘सीतापाराइट’, झाबुआकडील काजळीडोंगरीचे ‘हॉलंडाइट’. ब्लॅनफर्ड, व्रेडेनबर्ग आणि हॉलंड हे तिघेही भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणातील, तर जुड हे इंग्लंडमधील भूवैज्ञानिक. म्हणजे नावे ठेवण्याच्या दोन चाली होत्या : एक माणसावरून, दुसरी गावावरून. माझे वैयक्तिक मत विचाराल तर गावावरून ठेवलेली नावे अधिक प्रामाणिक, कारण ती निदान दगडाचा पत्ता तरी सांगतात. आणि पुढे १९१० मध्ये सीतापारलाच मिळालेल्या एका खनिजाला दुसऱ्या अभ्यासकांनी ‘फर्मोराइट’ म्हटले, तेव्हा नामकरण करणाऱ्याचेही नामकरण झाले.

आता तुमचा मुख्य प्रश्न. हा शब्द सूचीत न सापडण्याचे कारण असे की, आज ‘बेलडोंगराइट’ हे स्वतंत्र खनिज मानले जात नाही. मँगनीजची काळी ऑक्साइडे नुसत्या डोळ्यांनी आणि साध्या रासायनिक पृथक्करणाने वेगळी करणे अतिशय कठीण असते. हात काळे करण्यात ती सगळी सारखीच. स्फटिकाच्या आतील अणूंची मांडणी क्ष-किरणांनी तपासण्याची वाट १९१२ मध्ये सापडली. फर्मोर यांचा अहवाल त्याच्या तीन वर्षे आधीचा. त्यामुळे त्यांच्या हाती रंग, चकाकी, काठिण्य, घनता, चुंबकत्व आणि रासायनिक घटकांचे प्रमाण एवढीच साधने होती. पुढच्या तपासणीत त्यांची काही नावे टिकली, काही गळाली. हॉलंडाइट टिकले. सीतापाराइट म्हणजे १८९७ मध्येच अमेरिकेतील युटा राज्यातल्या नमुन्यावरून नाव मिळालेले बिक्सबाइट, हे ध्यानात आल्यावर आधीचे नाव राहिले आणि आपले सीतापार सुटले. व्रेडेनबर्गाइट हे जॅकबसाइट आणि हौसमनाइट या दोन खनिजांचे एकमेकांत विणलेले मिश्रण निघाले. बेलडोंगराइट हे सिलोमेलेन या नावाखाली पूर्वी मोडणाऱ्या काळ्या, पाणीयुक्त मँगनीज ऑक्साइडांच्या जवळचे. आणि खुद्द ‘सिलोमेलेन’ हेही आता एका खनिजाचे नाव न राहता ढोबळ क्षेत्रीय संज्ञा होऊन बसले आहे.

म्हणून ‘नागपूर जिल्ह्यात सापडणारे दुर्मिळ खनिज’ असे कृपया लिहू नये. ‘दुर्मिळ खनिज’ म्हटले की वाचणारा असे समजतो की, ही वस्तू निसर्गात थोडी आहे. येथे थोडा आहे तो शब्दाचा वापर. खनिजांची नवी नावे मंजूर करणारा आंतरराष्ट्रीय आयोग १९५९ पासून काम करतो आणि रासायनिक संघटन व स्फटिकरचना दाखवल्याशिवाय कोणतेही नाव मान्य करत नाही. त्याच्या सूचीत आज ६,००० च्या आसपास खनिजे आहेत आणि त्यांत बेलडोंगराइट नाही.

एक विनंती. घरात चुंबक असेल तर तो दगडाजवळ नेऊन पाहावा. व्रेडेनबर्गाइट चुंबकाला जोरात ओढले जाते. दोन्ही एकाच गावचे असल्यामुळे जुन्या चिठ्ठ्यांची अदलाबदल झालेली असू शकते.

विचारणा

सर, फ्रिजच्या दारावरचा चुंबक लावून पाहिला. तो दगडाला चिकटला नाही, दोऱ्याला बांधून जवळ नेला तरी वळला नाही. दगडाची एक बाजू फुटलेली आहे आणि तेथे तो खरोखरच नुकत्याच टाकलेल्या डांबरासारखा चमकतो. उरलेल्या बाजू मात्र काजळीसारख्या मंद आहेत आणि बोटाला काळे लागते. एका खाचेत तपकिरी-लालसर रंगाचे, बाजरीच्या दाण्याएवढे दोन कण अडकलेले दिसतात. लेखनाबद्दल मात्र अजून माझा गोंधळ आहे. ‘बेल्डोंग्राइट’, ‘बेलडोंग्राईट’ आणि ‘बेलडोंगराइट’ यांपैकी कोणते रूप घ्यावे? शिवाय मी वर ‘खदान’ लिहिले, त्यावर एका नातेवाइकाने ‘प्रमाण मराठीत खाण म्हणावे’ असे सुचवले आहे.

प्रतिसाद

मी भूवैज्ञानिक नाही. मुद्रितशोधनाचे काम करतो, त्यामुळे केवळ लेखनापुरते बोलतो.

‘बेल्डोंग्राइट’ हे रूप रोमन अक्षरे वाचून तयार झाले आहे, आणि तेथेच चूक आहे. गावाचे नाव देवनागरीतून रोमनमध्ये गेले, तेथे त्याला प्रत्यय लागला आणि आता ते पुन्हा आपल्याकडे येते आहे. परत येताना त्याने परदेशी पेहराव का करावा? ‘बेल’ आणि ‘डोंगरी’ हे दोन्ही मराठी शब्द आहेत. ते आपण ‘बेल्’ आणि ‘डोंग्री’ असे तोडून लिहीत नाही, जरी बोलताना ‘डोंग्-री’ असाच उच्चार होत असला तरी. ‘डोंगरी’तील अन्त्य ईकार प्रत्ययात मिसळतो आणि ‘डोंगराइट’ उरते. बालाघाट जिल्ह्यातील तिरोडीवरून आलेले ‘तिरोडाइट’ याच वाटेने गेले आहे. रोमन लिपीत ड आणि द यांत फरक दिसत नसल्यामुळे, नागपूरपासून दूर बसलेला एखादा भाषांतरकार हा शब्द ‘बेल्दोंग्राइट’ असाही लिहील, आणि मग गाव अगदीच हरवेल. या भागात लोहडोंगरी, रामडोंगरी, भंडाऱ्याकडे डोंगरी बुजुर्ग अशी खदानींची गावे आहेत; त्या रांगेत ‘डोंगरी’ हा घटक डोळ्यांना दिसत राहणे महत्त्वाचे आहे. ‘लोहडोंगरी’ आणि ‘काजळीडोंगरी’ ही नावे तर सर्वेक्षणाच्या कितीतरी आधी लोकांनी दगडाचा रंग आणि वजन पाहून ठेवलेली असावीत, असे मला नेहमी वाटते.

‘आइट’ की ‘आईट’ हा वाद जुना आहे. मराठी साहित्य महामंडळाच्या १९६२ च्या नियमांप्रमाणे मराठी शब्दाच्या शेवटच्या अकारान्त अक्षरापूर्वीचे इकार-उकार दीर्घ लिहायचे असतात. ‘गरीब’ आणि ‘वकील’ हे बाहेरून आलेले शब्दही त्याप्रमाणे दीर्घच लिहिले जातात. तो नियम ताणला, तर ‘बॉक्साईट’ आणि ‘ग्रॅनाईट’ लिहावे लागेल, आणि पुष्कळ वर्तमानपत्रे तसे लिहितातही. पण मराठी विश्वकोशात आणि शास्त्रीय लेखनात ‘बॉक्साइट’, ‘ग्रॅनाइट’ असा ऱ्हस्व इकार रुळलेला आहे. शेकडो खनिजनामांना एकच प्रत्यय असल्यामुळे त्यांचे लेखन एकसारखे असणे सोयीचे, म्हणून माझे मत ‘बेलडोंगराइट’ या रूपाला. विभक्ती थेट लावावी : बेलडोंगराइटचा, बेलडोंगराइटमध्ये. ‘बेलडोंगराइटाचा’ हे व्याकरणाने चुकीचे नाही, पण वाचणारा अडखळतो.

‘खदान’बद्दल संकोच नको. विदर्भात मजुरापासून मालकापर्यंत सगळे खदानच म्हणतात. मँगनीजच्या खदानीत राबलेल्या माणसाच्या डबीवरच्या चिठ्ठीत ‘खाण’ लिहिले, तर आजोबांना ते परके वाटले असते.

प्रतिसाद

लिंगाबद्दल थोडे सांगते, कारण तो प्रश्न राहून गेला. मराठीत ‘खनिज’ नपुंसकलिंगी आणि ‘खडक’ पुल्लिंगी. नवा परकीय शब्द आला की तो ज्या जातीत बसतो, तिचे लिंग बहुधा उचलतो. म्हणून ‘बॉक्साइट सापडले’, पण ‘बेसाल्ट फोडला’. ‘हिरा’ आणि ‘गारगोटी’ यांना हे लागू होत नाही, हे खरे. ते घरचे जुने शब्द आहेत आणि त्यांचे लिंग त्यांच्या घडणीतच आहे. आयात शब्दांना मात्र हा आधार पुष्कळदा पुरतो.

याचे उत्तम उदाहरण आपल्याच भागात आहे. ‘गोंडाइट’ हा शब्दही फर्मोर यांनीच घडवला, तो गोंड लोकांवरून. त्याचा शेवट ‘आइट’ असा असला तरी तो खनिजाचा वाचक नाही. स्पेसार्टीन आणि क्वार्ट्झ यांनी बनलेल्या खडकाचे ते नाव आहे. म्हणून ‘गोंडाइट आढळला’ आणि ‘स्पेसार्टीन आढळले’. अनेक लेखांत ‘गोंडाइट हे खनिज’ असे छापलेले दिसते. तेथे लिंग चुकले नसून अर्थ चुकलेला असतो. ताईंच्या दगडात अडकलेले ते तपकिरी-लालसर कण स्पेसार्टीनचे असू शकतील. तसे असेल, तर ज्या गार्नेटपासून हा काळा पदार्थ झाला, त्याचाच अवशेष त्या खाचेत उरला आहे. पण हे प्रयोगशाळेतच ठरेल, चिठ्ठीवर लिहू नये.

बेलडोंगराइटला खनिज म्हणून नाव दिले गेले होते, त्यामुळे ‘ते बेलडोंगराइट’ असेच म्हणावे, जरी त्याची खनिज ही ओळख आता गेलेली असली तरी.

विचारणा

सर्वांची आभारी आहे. मग मजकूर असा केला आहे : ‘बेलडोंगराइट. बेलडोंगरी (जि. नागपूर) येथील खदानीत मिळालेल्या काळ्या मँगनीज खनिजाला १९०९ मध्ये दिलेले नाव, आता स्वतंत्र खनिजाचे नाव म्हणून वापरात नाही. नमुना जुन्या संग्रहातील.’ हा चालेल काय?

प्रतिसाद

बहुतांशी चालेल. ‘मँगनीज खनिजाला’ऐवजी ‘मँगनीजयुक्त पदार्थाला’ लिहावे, कारण ते एकच खनिज आहे की मिश्रण, हेच तर ठरलेले नाही. शिवाय दगड बेलडोंगरीचाच आहे याला आजोबांच्या चिठ्ठीशिवाय दुसरा पुरावा नाही, तेव्हा शेवटी ‘मूळ चिठ्ठीवरील नोंदीप्रमाणे’ एवढे तीन शब्द जोडावेत. आणि नवी चिठ्ठी डबीच्या बाहेर लावावी. झाकणाच्या आतली निळ्या शाईची चिठ्ठी काढू नये, तिच्यावर गोंद किंवा पारदर्शक पट्टीही लावू नये.