रे स्कॉट की हॉवर्ड कोसेल: समालोचक कोण मोठा?

धागाकर्ता
अमेरिकन फुटबॉलच्या टीव्ही समालोचकांचा विषय निघाला की गाडी एबीसी वाहिनीच्या कोसेलवरच येऊन थांबते. माझ्या मते टीव्हीवर खेळ कसा सांगावा हे रे स्कॉटने त्याच्या कितीतरी आधी दाखवलं होतं. १९५६च्या शुगर बोलमध्ये, म्हणजे कॉलेज संघांच्या मोठ्या वार्षिक सामन्यात, नेमलेला समालोचक बिल स्टर्न बोलण्याच्या अवस्थेत नव्हता आणि ऐनवेळी माइक स्कॉटच्या हाती आला. त्याच वर्षी सीबीएस वाहिनीने त्याला ग्रीन बे पॅकर्स या व्यावसायिक संघाचे सामने दिले. तेव्हा एकेका संघाला एकेक समालोचक नेमलेला असे. पुढे प्रशिक्षक लोम्बार्डीच्या पॅकर्सनी १९६१ ते १९६७ या काळात पाच अजिंक्यपदं घेतली आणि स्कॉटचा आवाज घराघरात पोचला.

त्याचं वर्णन ऐका. "स्टार... डाउलर... टचडाउन." बस्स. फेकणारा कोण, झेलणारा कोण, काय झालं. बाकीचं पडद्यावर दिसतंच की!

उत्तररंग
साफ असहमत. ज्याला खेळ आधीच कळतो त्याला तीन शब्द पुरतात. नवख्याने काय करायचं? पॅकर्सचा गाजलेला 'स्वीप' घ्या, म्हणजे चेंडू घेऊन मैदानाच्या कडेने पळायची चाल. चेंडू हॉर्नंगकडे, म्हणून कॅमेराही त्याच्याच मागे. पण खरी करामत क्रेमर आणि थर्स्टन या दोन गार्डांची, म्हणजे पुढच्या फळीत प्रतिस्पर्ध्यांना अडवणाऱ्यांची. आपली जागा सोडून ते बाजूला धावायचे आणि पुढे राहून वाट मोकळी करायचे. हे कुणी बोलून दाखवल्याशिवाय घरी बसलेल्याच्या लक्षात येणार नाही.

धागाकर्ता
मुद्दा रास्त आहे, पण ते काम शेजारी बसलेल्या माजी खेळाडूचं. स्कॉट गप्प राहायचा म्हणून तर त्याला बोलायला जागा मिळायची. ३१ डिसेंबर १९६७चा 'आइस बोल', पॅकर्सचा तो अजिंक्यपदाचा सामना आठवा. ग्रीन बेमध्ये उणे २५ अंश सेल्सिअस, पंचांना शिट्ट्याही वापरता येईनात, आणि समालोचनाला बसलेला माजी खेळाडू फ्रँक गिफर्ड म्हणाला की आता कॉफीचा एक घास घेतो. थंडीचं याहून नेमकं वर्णन मी ऐकलेलं नाही.

नदीकाठ
त्या सामन्याचं श्रेय सगळं स्कॉटला देऊ नका. त्याने पहिला अर्धा भाग सांगितला, दुसरा जॅक बकने. शेवटच्या क्षणांत पॅकर्सचा चेंडू फेकणारा बार्ट स्टार स्वतःच चेंडू घेऊन गुण मिळवायच्या पट्ट्यात घुसला, तेव्हा माइक बककडे होता.

आणि कोसेलला नुसता बडबड्या ठरवणं अन्याय आहे. तो मुळात वकील. १९६७मध्ये सैन्यात जायला नकार दिला म्हणून मुष्टियोद्धा मुहम्मद अलीचं विजेतेपद काढून घेतलं तेव्हा तो उघडपणे अलीच्या बाजूने बोलला. १९७०मध्ये एबीसीवर सोमवार रात्रीचे सामने सुरू झाले आणि फुटबॉलशी देणंघेणं नसलेले लोकही त्याची आणि सहसमालोचक डॉन मेरेडिथची जुगलबंदी ऐकायला बसू लागले. ज्या संघाचे सामने वर्षानुवर्षं सांगायचे, त्याला अवघड प्रश्न कोण विचारणार? कोसेल विचारायचा.

धागाकर्ता
अलीबद्दल दुमत नाही, तिथे कोसेलला माझाही सलाम. पण तो पत्रकार म्हणून मोठा. सामना चालू असताना मला खेळ ऐकायचा असतो, माणूस नाही. १९७४मध्ये सीबीएसने स्कॉटला काढलं आणि आणलं कुणाला? पॅट समरऑलला, तोही तितकाच मोजकं बोलणारा! त्याने पुढे कित्येक वर्षं राज्य केलं.

उत्तररंग
समरऑलला ते परवडलं, कारण १९८१पासून शेजारी माजी प्रशिक्षक जॉन मॅडन अखंड बोलत होता. तो पडद्यावर रेषा ओढून गार्ड कुठून निघाला, कुणाला अडवलं, सगळं दाखवायचा. मला स्वीपमध्ये जे हवं होतं तेच ना हे?