वॉल्टर ब्रेनन यांचे तीन ऑस्कर: अभिनयाचे की मतांचे?

प्रश्न – जुनारसिक

सहायक अभिनेत्याचे ऑस्कर तीन वेळा मिळवणारे वॉल्टर ब्रेनन हे आजवरचे एकमेव नट आहेत. 1936 च्या चित्रपटांपासून हा पुरस्कार सुरू झाला आणि पहिलाच त्यांना 'कम अँड गेट इट'साठी मिळाला. पुढे 'केंटकी' (1938) आणि 'द वेस्टर्नर' (1940) यांसाठीही तेच मानकरी ठरले. तरीही जुन्या हॉलिवूडच्या गप्पांत त्यांचे नाव क्वचितच निघते. 'एक्स्ट्रां'च्या, म्हणजे गर्दीच्या दृश्यांतल्या बिननावाच्या नटांच्या, मतांवर ते निवडून येत असत, असे वाचले. यात तथ्य किती, आणि त्यांचा कोणता चित्रपट आधी पाहावा?

प्रतिसाद – तिसरीघंटा

तथ्य आहे, पण अर्धेच. मॅसॅच्युसेट्समधील लिन येथे 1894 साली जन्मलेले ब्रेनन पहिल्या महायुद्धात फ्रान्समध्ये तोफखान्यात होते. नंतर लॉस एंजेलिसला आल्यावर त्यांनी अनेक वर्षे गर्दीतला एक चेहरा म्हणून रोजावर कामे केली. त्या काळी ऑस्कर देणाऱ्या अकादमीच्या मतदानात एक्स्ट्रांनाही स्थान होते आणि आपल्यातून वर गेलेल्या माणसाला त्यांनी भरभरून मते दिली, यात नवल नाही. पुढे त्यांचा हा हक्क काढून घेण्यात आला. मात्र निर्माते सॅम्युअल गोल्डविन आणि दिग्दर्शक विल्यम वायलर व हॉवर्ड हॉक्स यांनी त्यांना वारंवार घेतले, ते काही एक्स्ट्रांच्या सांगण्यावरून नव्हे. जाता जाता, सहायक कलाकारांना तेव्हा ऑस्करची बाहुली नव्हे, नुसता फलक मिळत असे!

प्रतिसाद – कृष्णधवल

मला ब्रेनन यांचे पडद्यावरचे वार्धक्य अधिक कुतूहलाचे वाटते. 1932 च्या सुमारास एका अपघातात त्यांचे पुढचे बरेच दात गेले, आणि हे व्यंगच त्यांनी भांडवल म्हणून वापरले. कवळी काढली की गाल आत जात, हनुवटी वर येई, उच्चार बोळके होत आणि चाळिशीतला माणूस सत्तरीचा दिसू लागे. भूमिका देऊ केल्यावर त्यांनी "दातांसह की दातांविना?" असे विचारल्याची आठवण हॉक्स सांगत. 'रेड रिव्हर'मध्ये (1948) तर कवळीचेच कथानक झाले आहे: ब्रेनन यांचा ग्रूट हा स्वयंपाकी ती जुगारात आपल्या सोबत्याकडे हरतो आणि मग फक्त जेवणाच्या वेळी ती त्याला परत मिळते. हजारो गुरे हाकत नेण्याच्या त्या करड्या चित्रपटात हा विनोद ब्रेनन कुठेही ताणत नाहीत. दात मागताना त्यांचा चेहरा हक्काची वस्तू मागणाऱ्याइतका गंभीर असतो.

प्रतिसाद – तिकीटखिडकी

आधी 'द वेस्टर्नर'च पाहावा. 'केंटकी'तला म्हातारा मला तरी नुसता आरडाओरडा करणारा वाटला. त्या वेळी मतांचा हात असेल, तर असो. परंतु 'द वेस्टर्नर'मधल्या त्यांच्या न्यायाधीश रॉय बीनची गोष्ट वेगळी आहे. मनमानी करून लोकांना फासावर चढवणारा हा माणूस लिली लँग्ट्री या नटीवर इतका लुब्ध असतो, की तिच्या प्रयोगाची सगळी तिकिटे विकत घेतो आणि जुना लष्करी गणवेश चढवून रिकाम्या नाट्यगृहात एकटाच बसतो. पडदा वर जातो तेव्हा रंगमंचावर तिच्याऐवजी चित्रपटाचा नायक गॅरी कूपर उभा असतो. त्या क्षणी ब्रेनन यांच्या चेहऱ्यावरची लहान मुलासारखी उत्सुकता मावळते, आणि ज्याचा एवढा वेळ तिटकारा आला त्याची आपल्याला दया येते. खरा बीन तिला कधी भेटलाच नाही, ही त्यातली आणखी एक गंमत.

त्यानंतर जॉन फोर्ड यांचा 'माय डार्लिंग क्लेमेंटाइन' (1946) घ्यावा. त्यात ते थोराड मुलांना चाबकाने फोडणारा क्लँटन आहेत आणि तिथे हसू येण्याची सोय नाही. नावाबद्दल म्हणाल, तर अमेरिकेत ते विसरले गेले नाहीत. 1957 ते 1963 या काळात 'द रियल मॅकॉइज' या दूरचित्रवाणी मालिकेतले लंगडणारे आजोबा म्हणून ते घरोघरी पोचले होते.