'अस्मा' म्हणजे नुसतं 'नावं'? मग मुलीचं नाव ठेवायचं की नाही?

कोकणकर_शारजा
पाच दिवसांपूर्वी मुलगी झाली, अकीका, म्हणजे बारशासारखा नाव ठेवायचा विधी, परवावर आलाय आणि घरात नावावरून दोन पार्ट्या पडल्यात. आम्ही मूळ रत्नागिरीचे, नोकरी इथे शारजात. माझ्या आजीचं नाव अस्मा, तेच ठेवायचं माझ्या मनात. पण आमचे साडूभाऊ अरबी शिकलेले, ते म्हणाले अरे हे 'इस्म'चं, म्हणजे 'नाव' या शब्दाचं, अनेकवचन, अस्मा-उल-हुस्ना म्हणतो ना आपण, अल्लाहची ९९ नावं, तेच ते. मुलीचं नाव 'नावं' ठेवलंस तर लोक नावं ठेवतील! मोबाईलवर बघितलं तर एकीकडे 'उच्च', दुसरीकडे 'सुंदर', तिसरीकडे 'आकाश', डोकंच फिरलं.
माझं मत सरळ आहे. अर्थ गेला उडत. हे नाव पैगंबरसाहेबांचे साथी हजरत अबू बकर यांच्या मुलीचं. ६२२ साली हिजरतीच्या वेळी पैगंबरसाहेब आणि अबू बकर मक्का सोडून मदिनेला निघाले तेव्हा शिदोरी आणि पाण्याची पखाल बांधायला काही मिळेना, तर हिने कमरेचा पट्टा फाडून दोन केले. तिथून तिला 'झातुन्निताकैन' म्हणतात, दोन पट्ट्यांवाली. वारसा हा. डिक्शनरी कशाला पाहिजे?

शब्दकिडा
अभिनंदन! पण साडूभाऊ अर्धंच बोलले. आपल्याकडे दुखते ती पाठ वेगळी आणि शाळेतला पाठ वेगळा, तसलाच प्रकार आहे हा. सीबवैह, म्हणजे अरबी व्याकरणाचा बाप माणूस, आठव्या शतकातला, त्याच्या मते बाईचं नाव 'अस्मा' हे मुळात 'वस्मा', 'वसामा' म्हणजे रूप, देखणेपण, त्यातून आलेलं. सुरुवातीच्या 'व'चा 'अ' झाला, जसा 'वहद'चा 'अहद'. म्हणून 'सुंदर' हा अर्थ काही हवेतून आलेला नाही. शिवाय बाईच्या नावाला शेवटी तन्वीन, तो 'उन्' उच्चार, लागत नाही आणि अनेकवचनाला लागतो, कुराणातल्या सूरा नज्ममध्ये 'अस्माउन्' असंच आहे. वेगळे शब्द आहेत राव.

उलटतपासणी
तन्वीनचा मुद्दा फुसका आहे. फातिमा, झैनब, कुठल्या बाईच्या नावाला लागतो तन्वीन? अनेकवचनच उचलून बाईला ठेवलं असतं तरी तो गेलाच असता. जुन्या व्याकरणकारांत हे नाव 'इस्म'चंच अनेकवचन मानणारे पण होते. आणि खुद्द 'इस्म' कुठून आला यावरच बसरावाले आणि कूफावाले, इराकातल्या दोन शहरांतले व्याकरणकार, भांडत होते, बसरावाले म्हणायचे 'सुमू' म्हणजे उंची, कूफावाले म्हणायचे 'वस्म' म्हणजे खूण. तुमच्या मोबाईलवरचं 'उच्च' त्या बसरावाल्यांच्या बाजूचं. हजार वर्षांत ज्यांचं मिटलं नाही ते तुम्ही परवाच्या अकीक्याआधी मिटवणार?

पुणेरी_पाटी
एवढं काय त्यात, आसमान म्हणजे आकाश. सोप्पंय.

शब्दकिडा
नाही हो. आसमान फारसी आहे. तो शब्द आपल्या 'अश्म'चा, दगडाचा भाऊबंद, जुने इराणी लोक आकाश दगडाचं समजायचे म्हणतात. 'अस्मानी-सुलतानी'तलं अस्मानी त्यातलं. आकाशाला अरबीत 'समा', आणि ते मात्र त्या 'सुमू' उंचीच्याच धातूतून येतं, म्हणजे चुकून जवळ पोचलात, रस्ता चुकीचा.

सलमा_ताई
कोकणकर भाई, 'अर्थ गेला उडत' हे मला पटलं नाही. पैगंबरसाहेबांनी स्वतः अर्थ बघून नावं बदललीत. एका बाईचं नाव आसिया होतं, ऐन आणि साद लावून, अर्थ 'अवज्ञा करणारी', तिचं जमीला केलं. (मिसरचा बादशहा फिरऔन, त्याच्या बायकोचं आसिया वेगळं, अलिफ-सीनचं. मराठीत दोन्ही सारखीच दिसतात म्हणून सांगते, आमच्या बिल्डिंगमध्ये यावरून घोळ झालेला.) एकाचं नाव हझ्न, खडबडीत जमीन, त्याला सहल म्हणजे सोपा हे नाव सुचवलं, तो म्हणाला बापाने ठेवलेलं बदलणार नाही. त्याचा नातू सांगायचा, तो राठपणा आमच्या घरात राहिला तो राहिलाच. आता बोला. फक्त मोठ्या माणसाचं आहे म्हणून चालत नसतं.

गावठी_माणूस
ताई, मग हंझला? अर्थ कडू इंद्रावण! सहाबींचं, पैगंबरसाहेबांच्या साथीदारांचं, नाव आहे, नाही बदललं कुणी. तल्हा हे तर काटेरी बाभळीच्या जातीचं झाड. जुने अरब पोरांना मुद्दाम राकट नावं ठेवायचे आणि गुलामांना गोड, विचारलं तर म्हणायचे, पोरांची नावं दुश्मनासाठी, गुलामांची आमच्यासाठी. आपल्याकडे नाही का दगडू, धोंडू, उकिरडा, पोर जगावं म्हणून. माझा सख्खा चुलता धोंडू, तीन पोरं गेल्यावर झालेला, ८० वर्षं ठणठणीत जगला.

सलमा_ताई
हंझला कडू आहे, वाईट नाही. अवज्ञा वाईट. फरक आहे.

उलटतपासणी
आणि एक, अस्मा पुरुषाचं पण नाव होतं. कूफ्याचा सरदार अस्मा इब्न खारिजा. नाव इस्लामच्या आधीचंही आहे, जुना कवी हारिस इब्न हिल्लिझा, त्याचा कसीदा, म्हणजे लांब कविता, 'अस्माने जायचं सांगितलं' इथूनच सुरू होतो. तेव्हा वारसा म्हणजे फक्त ते दोन पट्टे नव्हेत.

कोकणकर_शारजा
दोन पट्ट्यांचं बाकी आहे माझं. त्यांचा मुलगा अब्दुल्ला इब्न झुबैर, त्याला शामवाले, म्हणजे सीरियाकडचे, चिडवायचे, 'दोन पट्ट्यांवालीच्या पोरा'. तेव्हा आईने सांगितलं, बेटा, माहितीये का ते पट्टे काय होते, माझाच पट्टा मी फाडला, एकाने पखाल बांधली, एकाने शिदोरी. शिवी म्हणून टाकलेलं नाव पोराने मिरवलं. ६९२ मध्ये तो मक्केत मारला गेला तेव्हा ती म्हातारी जिवंत होती, डोळे गेलेले.
सलमाताई, हझ्नचं वाचून मात्र मी जरा गप्प झालो.
अपडेट : अकीका झाला, अस्माच ठेवलं. फॉर्म भरताना क्लार्कने अरबीतलं शेवटचं अक्षर, हमझा, तोच लिहिला नाही, तो पकडला कुणी, तर साडूभाऊंनी, परत लाइन लावायला पण तेच आले. अर्थावर अजून बोलतायत. आजीच्या रेशनकार्डावर जन्मभर 'आसमा' होतं.