मदत हवी आहे: धालोगीतांच्या (धालो म्हणजे गोव्यातल्या बायकांचा गाणी गात खेळायचा लोकनृत्यप्रकार) स्वरलेखनात 'मधला' गंधार कसा दाखवायचा?
अमेरिकन संगीतरचनाकार रूथ क्रॉफर्ड सीगर (१९०१–१९५३) हिच्यावर फोंड्यातल्या अभ्यासवर्गासाठी टिपण चाललंय. संगीतरचनेसाठी गुगेनहाइम फेलोशिप मिळालेली ही पहिली स्त्री, १९३० साली. पुढे जॉन आणि अ‍ॅलन लोमॅक्स या पितापुत्रांनी जमवलेली अमेरिकन लोकगीतं तिने ध्वनिमुद्रणं पुन्हा पुन्हा ऐकून लिहून काढली. घसरता स्वर, वाढलेली मात्रा, काहीही 'दुरुस्त' न करता. तिचा खरा वारसा हाच, असं माझं मत.

तीच पद्धत धालोला लावताना भातखंडे लिपी (हिंदुस्थानी संगीतात स्वर लिहायची रूढ पद्धत) अपुरी पडतेय. मांडावर (धालो खेळायच्या अंगणात) पेटी नसते, त्यामुळे सात-आठ कडव्यांत षड्ज हळूहळू वर सरकतो. मग दर कडव्याला नवा सा धरायचा, की पहिलाच ठेवून फरक समासात लिहायचा? गंधार तर कोमल-शुद्धाच्या मध्ये लागतो: खाली रेघ दिली की कोमल ठरतो, नाही दिली की शुद्ध! शिवाय पहिल्या फळीचा, म्हणजे गाणाऱ्या बायकांच्या रांगेचा, शेवटचा स्वर संपण्याआधीच समोरची फळी उचल घेते. पट्टी न बदलता वेग निम्मा केला तर हे साफ ऐकू येतं, पण एका ओळीत मावत नाही.

गंधारासाठी कुणी वेगळी खूण वापरली आहे का? फुगडीचं असं लेखन कुणाकडे असेल तर एखादं पान दाखवा.