मदत हवी आहे: देव ‘पिटिफुल’ कसा असेल?

मंडळी, एका जुन्या इंग्रजी प्रवचनाचा अनुवाद करते आहे. त्यात १६११ च्या किंग जेम्स बायबलमधलं याकोबाच्या पत्रातलं वचन (५:११) आलंय: ‘द लॉर्ड इज व्हेरी पिटिफुल’. मराठी बायबलात इथे ‘कनवाळू’ आहे, म्हणजे अर्थाची अडचण नाही. पण आपण तर ‘पिटिफुल बॅटिंग’ म्हणतो! दया करणारा आणि कीव यावी असा, दोघांना एकच विशेषण कसं? पुढे ‘पिटियस’ही आहे, ते वेगळं का? शब्दकोश सगळे अर्थ एकाखाली एक देऊन मोकळा होतो.

प्रतिसाद १
गोम ‘फुल’मध्ये आहे. केअरफुल माणूस स्वतः काळजी घेतो, पेनफुल गोष्ट मात्र दुसऱ्याला दुखवते. पिटिफुलही असंच दोन्हीकडून चालायचं. त्याच सुमाराच्या शेक्सपिअरच्या ‘ऑथेल्लो’ नाटकात नायकाच्या हालअपेष्टा ऐकून नायिका डेस्डिमोना ‘वंड्रस पिटिफुल’ म्हणते, म्हणजे काळीज हलवणारं. तुच्छतेची छटा नंतर चिकटली आणि दयाळूपणा मागे पडला. आपलं ‘दयनीय’ बघा ना, ‘दयनीय कामगिरी’त दया कुठे उरलीय?

प्रतिसाद २
‘पिटी’चं मूळ लॅटिन ‘पिएतास’: देव, आईबाप, मायभूमी यांच्याविषयीची कर्तव्यनिष्ठा. जळत्या ट्रॉय नगरातून म्हाताऱ्या बापाला खांद्यावर घेऊन निघालेल्या एनियासला, आपल्या महाकाव्याच्या नायकाला, रोमन कवी व्हर्जिल ‘पिउस’ (पिएतास असलेला) म्हणतो तो यासाठीच. ख्रिस्ती लेखनात त्यात करुणा मिसळली. फ्रेंचमार्गे इंग्रजीत त्याच शब्दाचे दोन झाले: पायटी म्हणजे भक्ती आणि पिटी म्हणजे दया. मायकेलअँजेलोची ‘पिएता’ही (मृत येशूला मांडीवर घेतलेल्या मरियेचं शिल्प) याच घरातली. पिटियस हा जुन्या फ्रेंचमधून आलेला भाऊ. त्यालाही एकेकाळी दयाळू असा अर्थ होता, आज फक्त करुण, केविलवाणं. त्यात हेटाळणी नाही.

प्रतिसाद १
ताई, प्रवचनात बायबलमधलं विलापगीत ४:१० आलं तर जपून. ‘पिटिफुल विमेन’नी उपासमारीत स्वतःची मुलं शिजवली, असं ते वचन आहे. तिथे ‘बिचाऱ्या बायका’ केलंत तर सगळं गेलं. एरवी मुलांवर जीव टाकणाऱ्या बायकांवर ही पाळी आली, हाच तर त्यातला हादरा आहे.

धागाकर्ती
आलंय हो, पुढच्याच परिच्छेदात! देवाला कनवाळू ठेवते. पण या बायकांना काय म्हणू? ‘दयाळू’ फार कोरडं वाटतं.

प्रतिसाद २
मायाळू करा. ‘मायाळू बायकांच्या हातांनी’. मूळ वाक्यातही कर्ता हातच आहेत, ते गाळू नका.