स्वतंत्र चित्रपटांचे छायालेखन: आधी सहायक व्हावे की थेट चित्रपट घ्यावा?

प्रश्न:
काही लघुपटांचे छायालेखन केल्यानंतर मला एका मोठ्या निर्मितीत कॅमेरा सहायक म्हणून बोलावणे आले आहे, आणि नेमक्या त्याच तारखांना अत्यल्प मानधनाचा एक स्वतंत्र पूर्ण लांबीचा चित्रपटही समोर आहे. पुढेही स्वतंत्र चित्रपटच करायचे असल्यास कोणते काम स्वीकारावे?

उत्तर १:
माझ्या मते चित्रपट घ्यावा. उत्तम फोकस पुलर (चित्रीकरणात लेन्सचा फोकस सांभाळणारा कॅमेरा सहायक) म्हणून नाव झालेल्याला निर्माते पुन्हा त्याच कामासाठी बोलावतात, आणि स्वतंत्र चित्रपटांत तर छायालेखकाला पुढचे काम बहुधा आधीच्या दिग्दर्शकाकडूनच मिळते. सत्यजित राय यांचे छायालेखक सुब्रत मित्र यांनी ‘पथेर पांचाली’पूर्वी (१९५५) चित्रपटाचा कॅमेरा चालवलेलाही नव्हता, तरीही पुढच्याच ‘अपराजितो’मध्ये (१९५६), स्टुडिओत उभारलेल्या घराच्या अंगणात मोकळ्या आकाशाचा मऊ उजेड हवा होता म्हणून, त्यांनी वर पांढरे कापड ताणले आणि त्यावर खालून दिवे टाकून परावर्तित प्रकाशात चित्रीकरण केले.

उत्तर २:
उदाहरण योग्य आहे, मात्र ते अर्धेच सांगितले आहे. ‘पथेर पांचाली’आधी मित्र यांनी फ्रेंच दिग्दर्शक ज्याँ रेन्वार यांच्या ‘द रिव्हर’च्या चित्रीकरणाला हजर राहून प्रकाशयोजनेची टिपणे आणि आकृत्या काढल्या होत्या. त्यांना सहायकाचे पद मिळालेले नव्हते, निरीक्षण मात्र भरपूर होते. त्यामुळे मोठ्या निर्मितीत तुम्हाला प्रकाशयोजना जवळून पाहता येणार आहे, की दिवसभर लेन्सच्या पेट्या सांभाळायच्या आहेत, हे आधी विचारून घ्या. दुसरे असेल तर माझेही मत चित्रपटाच्याच बाजूने पडेल.

उत्तर ३:
चित्रपट स्वीकारलात तर मानधनाइतकाच करारातील इतर अटींवर भर द्यावा. मानधन उशिरा मिळणार असेल, तर ते कोणत्या टप्प्यावर आणि कोणत्या उत्पन्नातून, हे लेखी असावे. ‘चित्रपट विकला गेल्यावर’ एवढ्याने भागत नाही. कलर ग्रेडिंगला (चित्रीकरणानंतर दृश्यांचे रंग आणि उजेड ठरवण्याच्या कामाला) उपस्थित राहण्याचा हक्कही मागून घ्यावा, कारण तुम्ही जाणीवपूर्वक अंधारात ठेवलेला चेहरा तिथे कोणीही सहज उजळून टाकू शकतो आणि श्रेयनामावलीत नाव तुमचेच राहते. शोरीलसाठी (काम मागताना दाखवायच्या, स्वतःच्या निवडक दृश्यांच्या चित्रफितीसाठी) दृश्ये केव्हापासून वापरता येतील, हेही ठरवून घ्या. महोत्सवांतील पहिल्या प्रदर्शनापूर्वी निर्माते ती सहसा देत नाहीत, आणि तोपर्यंत दुसरे काम मागायला जाताना तुमच्या हाती जुने लघुपटच उरतात.