मदत हवी आहे: 'संत तुकाराम'मधल्या जिजाईची (गौरी) चित्रपटसूची पक्की कशी करावी?

दामले-फत्तेलालांच्या 'संत तुकाराम' (१९३६) मध्ये जिजाई झालेल्या गौरी यांच्या कारकिर्दीवर टिपण लिहितो आहे. 'संत सखू' (१९४१) मधली खाष्ट सासू त्यांचीच. या दोन भूमिकांबद्दल शंका नाही, बाकी सगळा घोळ आहे. नाव एकेरी, आडनाव कुठेच नाही. नेटवरच्या याद्या एकमेकींशी जुळत नाहीत. काही चित्रपटांत नाव आहे पण भूमिका कोणती ते दिलेलं नाही. खात्री करायची तर कशाच्या आधारावर? जाणकारांनी क्रम सांगावा.

पडद्यामागे:
आधी नाव सोडवा. एकेरी नावाची तेव्हा पद्धतच होती. 'ब्रह्मचारी' (१९३८) मधल्या मीनाक्षी म्हणजे मीनाक्षी शिरोडकर, पण मूळ नाव रतन पेडणेकर. उलट 'सुलोचना' म्हटलं की इंपीरियल फिल्म कंपनीच्या रूबी मायर्स, नंतरच्या सुलोचना लाटकर आणि गायिका सुलोचना चव्हाण, तिघीही एकाच शोधात येतात. 'गौरी'चं तर विचारूच नका. १९४३ साली त्याच नावाचा हिंदी चित्रपटच आला आहे. शिवाय रोमन लिपीत दोन-तीन स्पेलिंगं. म्हणून नुसतं नाव टाकून शोधू नका, नाव + कंपनी + वर्ष असं शोधा.

कंपनी का, तर त्या काळी नट-नट्या महिन्याच्या पगारावर असत. 'संत तुकाराम' काढणारी प्रभात फिल्म कंपनी १९२९ ला कोल्हापुरात निघाली, १९३३ ला पुण्यात आली. पुण्यात पगारावर असलेल्या बाईंच्या नावावर त्याच वर्षी कलकत्त्याचे तीन चित्रपट दिसले तर ती दुसरीच कोणी असण्याची शक्यता जास्त. पुरावा नाही हा, पण खूण करून ठेवण्याइतका संशय नक्की.

खरवडलेलं रीळ:
सूची करताना मराठी आणि हिंदी आवृत्त्यांना स्वतंत्र ओळी द्या. निम्मा घोळ इथेच होतो. 'अमृतमंथन' (१९३४) मध्ये राजगुरू मराठीत केशवराव दाते, हिंदीत चंद्रमोहन. 'शेजारी'मध्ये हिंदू शेजारी केशवराव दाते, त्याच्याच हिंदी आवृत्तीत, 'पडोसी'त, मजहर खान, आणि मिर्झा मात्र दोन्हींत गजानन जागीरदार. मुख्य भूमिकांची ही तऱ्हा, तर शेजारीण, दाई, मावशी यांचं काय होत असेल! हिंदीची श्रेयनामावली मराठीला चिकटवून मोकळे होणारे लोक आहेत.

आता आधार. गाण्यांची पुस्तिका सगळ्यांत सहज मिळते. तिच्यात कथासार, गाणी आणि बहुधा पात्रपरिचय असतो. पण पुस्तिका प्रदर्शनाआधी छापत, नंतर कात्री लागली तरी नाव तिच्यात तसंच राहतं. म्हणजे पुस्तिकेवरून इतकंच म्हणता येतं की भूमिका ठरली होती. पडद्यावर आहे की नाही, ते प्रिंटच सांगणार.

प्रिंट बघताना सुरुवातीचं सेन्सॉर प्रमाणपत्र सोडून पुढे जाऊ नका. त्यावर लांबी फुटांत असते. ३५ मिमीला ध्वनिपटाच्या वेगाने मिनिटाला ९० फूट जातात, म्हणजे समजा ११,८०० फूट असतील तर १३१ मिनिटं. तुमच्याकडची प्रत ११८ मिनिटांची असेल तर जवळजवळ १,१८० फूट, म्हणजे एका रिळाहून थोडं जास्तच, गायब आहे. बाईंचा एकुलता एक प्रसंग नेमका त्यात असू शकतो. मात्र १२६ मिनिटं भरली तर घाबरू नका. जुन्या पाल (PAL) या टीव्ही-पद्धतीच्या व्हिडिओत सेकंदाला २४ ऐवजी २५ चौकटी (फ्रेम) धावतात, त्यामुळे १३१ ची १२६ होतात, कापलेलं काहीच नसतं. आणि प्रमाणपत्र केंद्रीय सेन्सॉर बोर्डाचं असेल तर ती १९५१ नंतर पुन्हा प्रदर्शित केलेली प्रत. त्यावरचं वर्ष उचलून सूचीत टाकलंत तर बाई पंधरा वर्षं उशिरा काम करताना दिसतील.

धागाकर्ता:
पुस्तिका आणि प्रिंट दोन्ही बघायला पुण्याच्या चित्रपट संग्रहालयात जावं लागेल ना? आणि ध्वनिमुद्रिकेवर नाव सापडलं तर तो आधार धरावा का?

खरवडलेलं रीळ:
हो, तिथेच. आधी लिहून वेळ ठरवा आणि अर्जात चित्रपट, वर्ष, भाषा नीट लिहा. 'प्रभातचे जुने चित्रपट' असं मोघम लिहून काम होत नाही. ८ जानेवारी २००३ च्या आगीत नायट्रेटवरच्या (चटकन पेट घेणाऱ्या जुन्या फिल्मवरच्या) बऱ्याच मूळ प्रती गेल्या, त्यामुळे पुढच्या पिढीची, म्हणजे प्रतीवरून काढलेली, प्रत दाखवली तर नवल नाही. तिच्यात चेहरे फिके असतात. लांबच्या दृश्यातून ओळख पटवायला जाऊ नका.

तबकडी:
मुद्रिकेचा आधार जपून धरा. १९३५ च्या आधी पडद्यावर दिसणारी व्यक्ती बहुधा चित्रीकरणातच स्वतः गायची. त्या वर्षी कलकत्त्याच्या न्यू थिएटर्स कंपनीने पार्श्वगायन आणलं आणि आवाज-चेहरा यांची फारकत सुरू झाली. वरून तबकडीवर कधी पात्राचंच नाव छापत. 'महल'च्या गाण्यावरची 'कामिनी' सगळ्यांना ठाऊक आहे. म्हणून मुद्रिका आवाजाचा आधार, चेहऱ्याचा नाही.

पडद्यामागे:
चेहऱ्यासाठी जिजाई हाच नमुना धरा. आजारी पोराला ओढत, हातात पायताण घेऊन ती देवळात विठोबाला जाब विचारायला जाते, तिथे चेहरा जवळून आणि रागात मिळतो. शेवटी तुकोबा वैकुंठाला निघालेत आणि ही चुलीपुढे, तिथे तोच चेहरा शांत. दोन्हींतून पाच-सहा चौकटी काढा. जुळवताना कान, दातांची ठेवण आणि हात बघा. टोप, कुंकू, नथ, लुगडं चित्रपटागणिक बदलतात, कानाची पाळी बदलत नाही. संवादाची ढबही ऐका, ती मेकअपखाली झाकत नाही.

सूचीत प्रत्येक नोंदीपुढे 'प्रिंट', 'पुस्तिका' किंवा 'फक्त यादी' असं लिहा. 'फक्त यादी'वाल्या नोंदी टिपणाच्या मजकुरात घेऊ नका, तळाला वेगळ्या ठेवा.

धागाकर्ता:
'संत सखू'पासून सुरुवात करतो. चौकटी काढल्या की इथेच टाकेन, कान जुळतात का बघा.